जोडाक्षर

आमच्या गांधीबागेतल्या छापखान्यात
'ट्ट'चे खिळे अकराच होते.
मराठीला तेवढे पुरायचे.
पट्टी, हट्ट, सुट्टी.
चिठ्ठी वेगळी, तिचं घर खालच्या खणात.

मग इंदुमती पराते आल्या
आणि पहिल्याच पानावर
'पोट्टे' चौदा वेळा.

हस्तलिखित पुण्याहून परत आलेलं,
तांबड्या पेन्सिलीनं
एकेका पोट्ट्याचं मूल केलेलं.
बाई म्हणाल्या, मुलं तिकडं होत असतील,
आमच्या गोळीबार चौकात पोट्टेच होतात.
मी म्हटलं, बाई, खिळे नाहीत.
त्या म्हणाल्या, मग अर्धं अर्धं पान छापा,
थांबतील पोट्टे.
नळावर थांबतातच की.

दिवसा त्या टेलिफोन एक्स्चेंजात,
कानाला हेडफोन, समोर दोऱ्याच दोऱ्या.
बाप हातमागावर धोटा फेकायचा,
ह्या प्लग खोचायच्या.
तेच काम आहे, म्हणायच्या,
फक्त शेवटी लुगडं हाती येत नाही.

ट्रंक कॉलच्या तीन मिनिटांत
माणसं जे बोलायचं विसरतात
ते रात्री लिहायच्या,
पाठकोऱ्या बिलांवर,
मे महिन्यात कूलरच्या टाकीवर वही टेकवून.
दुसऱ्या पुस्तकाच्या तिसऱ्या प्रकरणाला
वाळ्याचा वास होता.
मी हुंगलंय.

त्यात तान्ह्या पोळ्याचा लाकडी बैल
ओवाळणीचे पैसे घेऊन रामटेकला पळतो.
एक पोट्टा मारबतीच्या गर्दीत हरवतो
आणि त्याला सापडायची
अजिबात घाई नसते.

मानधन दीडशे, दोन दिवाळ्यांत मिळून.
सत्कार एकदाच झाला,
सेहेचाळीस डिग्रीत,
लोकरीची शाल पांघरून.

मग वाचणारे वाढले.
ओठांवर लव आली, आवाज फाटले.
त्यांच्यासाठी कोण लिहितं?
राजाराणी संपले की
एकदम स्पर्धा परीक्षेची गाईडं.
बाईंनी नापास मुलीची गोष्ट लिहिली.
दहावी, गणितात बावीस.
ती संध्याकाळी एकटी फुटाळ्यावर जाते, पायरी उतरते,

आणि कागद संपला.
पुढची पानं उद्या देते म्हणाल्या होत्या.
माझी प्रमिला त्या वर्षी दहावीला.
मी स्टिक तशीच खाली ठेवली,
सायकल काढली,
रात्री साडेनऊला त्यांची कडी वाजवली.
पोरगी परत येते का, बाई?
त्यांचे हात पिठात होते.
येते ना, म्हणाल्या,
भूक लागते तिला.
मग माझ्याकडं बघून
एक भाकर जास्त टाकली.

शाळेनं ते पुस्तक कुलपात ठेवलं.
वर्षानं कपाट उघडलं
तर पानांचे कोपरे काळे,
मधे चिंचेचं टरफल.
किल्ली कुणाकडं होती
हे अजून कुणी सांगत नाही.

एक्स्चेंजात पुढं नंबर आपोआप लागू लागले.
बाई रिटायर झाल्या, आणखी पाच पुस्तकं झाली,
शेवटची दोन ऑफसेटवर, माझ्याविना.
ती मी विकत घेऊन वाचली.
एका ठिकाणी 'पोटे' छापलंय.
कळवलं नाही.

गंगाबाई घाटावर
एक टक्कल पडलेला माणूस माझ्याशेजारी उभा होता,
बँकेतला असावा.
हलक्या आवाजात म्हणाला,
सायकलच्या स्पोकनं उघडायचं ते कुलूप.

छापखाना भंगारात गेला, शिसं किलोवर.
एक 'ट्ट' मी खिशात टाकला होता.
उलटा आहे, पण कातडीवर दाबला
की सुलटा उमटतो, मिनिटभर टिकतो.
परवा नातवाच्या तळहातावर दाबला.
काऊन बे आबा, म्हणाला,
लागते ना!

पोट्टं.